गाळातला खेकडा

रत्नदीप भालेरावचं चित्र बघितलं की माणसाच्या तोंडून पहिला प्रश्न ठरलेला निघे, "हे काय आहे?" कोणी मनाचा मोठेपणा करून "झकास" म्हणालाच, तर तोही थोडं घुटमळून, इकडेतिकडे बघून, शेवटी ह्याच प्रश्नावर यायचा.

तसा त्याचा हात कच्चा नव्हता. डिंभ्याला रस्त्याकडेला त्याच्या दोन खोल्या होत्या आणि पुढच्या खोलीवर 'रत्नदीप आर्टस्' अशी पाटी होती. घोडेगावपासून तळेघरपर्यंतच्या गिरण्या, खतांची दुकानं, शाळांच्या भिंतींवरचे सुविचार आणि एप्रिलातले जयंतीचे फलक, सगळीकडे त्याचंच अक्षर. चष्मा घरी विसरलेल्या म्हाताऱ्यालाही ते चालत्या एस्टीतून वाचता येई. म्हणून लोक त्याला 'पेंटर' म्हणत, आणि पेंटर म्हटलं की ह्याच्या कपाळाला आठी पडे. आपण चित्रकार आहोत, असं त्याचं म्हणणं. आणि चित्रकाराने कागदावर कुंचल्याने चित्र काढावं हे तर त्याला अगदीच मिळमिळीत वाटे.

एकदा त्याने आईचा, म्हणजे जानकाबाईचा, चेहरा तव्याच्या पाठीवरच्या काजळीत नखाने कोरून काढला. दोन दिवस खपला. तिसऱ्या दिवशी जानकाबाईने तवा राखेने लख्ख घासला, आणि वर विचारलं, तव्यावर ढग कशापायी काढले होते म्हणून. मग ज्या वर्षी जुन्नरच्या उसात बिबट्यांनी धुमाकूळ घातला, त्या वर्षी ह्याने पेंढा आणि गोणपाटाचा बिबट्या करून एस्टीच्या थांब्याजवळ बसवला. लोक घाबरतील, मग हसतील, मग विचार करतील असा त्याचा अंदाज होता. लोकांनी काहीच केलं नाही. थांब्यावरची कुत्री मात्र थंडीत त्या बिबट्याला टेकून सुखाने झोपू लागली.

पुण्याच्या एका प्रदर्शनाला त्याने अशा कामांचे फोटो पाठवले होते. विषय स्पष्ट होत नाही, असं म्हणून त्यांनी ते परत केले. झालं, रत्नदीपच्या डोक्यात राख गेली. त्या डोक्यात पुढे किती राख जायची होती, ते तेव्हा कोणालाच ठाऊक नव्हतं.

त्याच सुमाराला, म्हणजे दोन हजार तीन सालच्या संक्रांतीनंतर, घोडेगावच्या रूपचंदशेठनी त्याला दुकानात बोलावून घेतलं. शेठचे आजोबा मारवाडातून आले, पण शेठ स्वतः बोलायला लागले की पक्के घोडेगावकर. रत्नदीप रंग त्यांच्याच दुकानातून नेई. शेठनी त्याला समजावलं, की हाताने पाट्या रंगवायचे दिवस आता भरत आले. त्यांचा मेहुणा मंचरला फ्लेक्सचं मशिन आणतोय, अक्षय्य तृतीयेचा मुहूर्त आहे, मशिनवर बसायला डोळ्याला चांगला माणूस पाहिजे. खुर्ची आहे, पंखा आहे, महिन्याचा पगार आहे. हे ऐकायला जानकाबाई मुद्दाम बरोबर आली होती, आणि शेठच्या प्रत्येक वाक्याला ती मान हलवत होती. पोराचं वय तिशी ओलांडून गेलं होतं. मुली बघायला जावं तर मुलीचा बाप विचारी, मुलगा करतो काय, आणि हा पठ्ठ्या 'चित्रकार' म्हणून गप्प बसे.

रत्नदीपने खालच्या मानेने सगळं ऐकलं आणि दुकानात चार गिऱ्हाइकांसमोर पैज लावली. आता एकच चित्र काढीन, म्हणाला. ते कशाचं आहे हे मी कोणाला सांगणार नाही. अक्षय्य तृतीयेपर्यंत एका तरी माणसाने ते न सांगता ओळखलं, तर मशिनचं नाव काढायचं नाही. नाही ओळखलं, तर मी मंचरला जाऊन गुपचूप खुर्चीवर बसेन आणि पुन्हा चित्राचं नाव काढणार नाही.

"एक मानूस?" जानकाबाईने खात्री करून घेतली.

"एकच," रत्नदीप म्हणाला.

जानकाबाईला ते फार पसंत पडलं. पोराची चित्रं तिने जन्मभर बघितली होती. जाताना तिने शेठना मशिनवरची खुर्ची हलणारी असते का साधी, हेही विचारून घेतलं.

चित्र कशावर काढायचं हे त्याला तळेघरहून येताना एस्टीच्या खिडकीतून दिसलं. तिथे रस्ता डोंगराच्या अंगाने वळतो आणि खाली डिंभ्याच्या धरणाचं सगळं पाणी दिसतं. संक्रांत झाली की पाणी मागे सरू लागतं, आणि मागे उरतो तो काळा, ओला, सपाट गाळ. त्या गाळाकडे बघून रत्नदीपला घाम फुटला. एवढा मोठा कागद इतकी वर्षं नुसता पडून होता, आणि आपण तव्यावर चित्रं काढत बसलो.

आता हा कागद तसा कोणाच्या मालकीचा नव्हता आणि म्हणूनच तो सगळ्यांच्या मालकीचा होता. ज्यांची शेतं धरणात बुडाली, ती काठावरची मंडळी पाणी उतरलं की त्या गाळात पेरत. त्याला म्हणत गाळपेर. पण जुने बांध गाळाखाली गेलेले, पाणी दर साली वेगळं उतरायचं, मग कुणी कुठवर पेरायचं यावरून दरवर्षी भांडणं. मागच्या साली तर सोमाजी आणि चिमाजी या चुलतभावांनी एकमेकांच्या डोक्यात कुळवाचे दांडे घातले होते. सरकारी मोजणी करून द्या म्हणून अर्ज जात, आणि 'बघू' असं उत्तर येई. रत्नदीपला यातलं काही नवीन नव्हतं, पण त्याच्या घरचं धरणात काहीच बुडालेलं नसल्यामुळे त्याला गाळ म्हणजे फक्त गाळच दिसे.

काय काढायचं, ते त्याने लगेच ठरवलं. खेकडा. लहानपणापासून तो ओढ्यात हात घालून खेकडे धरत आला होता. नमुन्यासाठी त्याने एक चांगला पंजाएवढा खेकडा धरून आणला, पायाला दोरा बांधून फरशीवर ठेवला, आणि दिवसभर त्याच्यासमोर पालथं पडून पाय, नांग्या, डोळे सगळं टिपून घेतलं. संध्याकाळी तो खेकडा रश्शात गेला. जानकाबाईला चित्रकलेतला हा भाग आवडला.

रेघा मारायला पाहिजे होती राख. रंगाने गाळ रंगवायचा तर रूपचंदशेठचं दुकान पुरलं नसतं. म्हणून हा दारोदार चुलीतली राख मागत फिरू लागला. कशाला पाहिजे असं विचारलं की "झाडांना" म्हणे. याच्या दारात एक अर्धमेली तुळसही नव्हती, पण बायांनी विचारलं नाही. काठावरच्या वस्तीत सोमाजीची बायको कुशाबाई राहायची. तिने तर पाटीवर पाटी राख दिली, आणि एकदा चहासुद्धा पाजला.

माघी पुनवेच्या सुमाराला पलीकडच्या गावची यात्रा आली. गाडे पळवायचे म्हणून सगळी वस्ती बैलं, बायका, पोरं घेऊन तिकडे गेली आणि काठावर चिटपाखरू उरलं नाही. रत्नदीपने दोरी, खुंट्या, फावडं आणि राखेची पोती गाळात उतरवली. खुंटीला दोरी बांधून गोल फिरायचं, फावड्याने बोटभर चर काढायचा, त्यात राख ओतत जायची. यात्रा होईपर्यंत तो उन्हात राबला. पाठ झाली, नांग्या झाल्या, एकेक पाय पाण्याच्या कडेपर्यंत लांबत गेला. पुढे दोन डोळे काढले, दोन गोल वाफ्यांएवढे. शेवटी नखशिखान्त राखेने माखलेला हा माणूस धापा टाकत डोंगरावरच्या वळणावर चढला, आणि त्याने खाली बघितलं.

काहीच दिसलं नाही.

म्हणजे धरण दिसलं, गाळ दिसला, गाळाच्या भेगा दिसल्या. पण बोटभर रेघ एवढ्या उंचीवरून कशी दिसणार? हा साधा हिशोब पाट्या रंगवणाऱ्या माणसाला सुचायला हवा होता. एस्टीतून वाचता यावं म्हणून जो हातभर अक्षर काढतो, त्याने डोंगरावरून दिसायच्या चित्राला बोटभर रेघ मारली. चित्रकार झाला की पेंटरची अक्कल विसरायची, असा काही नियम असावा. रत्नदीप त्या वळणावर बराच वेळ बसून राहिला. त्याला रडू आलं, आणि आलं तसं त्याने ते येऊ दिलं, कारण बघायला कोणी नव्हतं. मग खाली उतरून त्याने आंघोळ केली आणि आईला म्हणाला, मंचरला जायची एस्टी किती वाजता असते ते विचारून ठेव.

यात्रेवरून वस्ती परत आली आणि दुसऱ्या दिवशी काठावर एकच गलका उठला. मोजणीवाले येऊन गेले! आम्ही नसताना आले आणि आखून गेले! रत्नदीप धावत गेला तर सगळी वस्ती त्याच्या खेकड्यात उभी. पाठीवर सोमाजी आणि आणखी तीन घरं, नांग्यांत बाकीचे, आणि पायांत जो तो आपापला वाटा पावलांनी मोजतोय. आखणी वेडीवाकडी का, असं कोणी विचारलं तर उत्तर मिळे, सरकारी मोजणी सरळ कधी बघितलीय का. चिमाजीच्या वाट्याला मागचा सगळ्यात बारीक पाय आला होता आणि तो खडकाळ होता, म्हणून तो सरकारच्या नावाने बोटं मोडत होता. पुढच्या दोन गोलांचं काय करायचं, हे कोणालाच कळेना.

रत्नदीपने तोंड उघडलं होतं. हे मी काढलंय, एवढंच म्हणायचं होतं. पण माणसं आधीच हातघाईवर आलेली, आणि मोजणी नाही हा खेकडा आहे असं ऐकल्यावर ती कोणाच्या डोक्यात दांडा घालतील याबद्दल त्याला फारशी शंका नव्हती. शिवाय खेकडा आहे असं सांगायचं म्हणजे पैज तिथेच हरायची. एवढी माणसं खेकड्यात उभी राहून खेकडा ओळखत नव्हती. त्याने तोंड मिटलं.

सोमाजी खात्री करायला त्याच दिवशी धरणाच्या ऑफिसात गेला. संध्याकाळी परत आला तेव्हा सगळे त्याची वाट बघत होते. सोमाजीने पागोटं काढून मांडीवर ठेवलं, पाणी प्यायला, आणि म्हणाला, "रेघेपरमानं पेरा. रेघेच्या भाईर कुनी दाना टाकला तर सरकार समदंच काढून घील."

झालं, भांडण मिटलं. रेघेच्या आत ज्याने त्याने पेरलं. पाठीवर भुईमूग, नांग्यांत मका, पायांत कुठे मूग कुठे बाजरी. डोळ्यांचे दोन गोल कुशाबाईने मागून घेतले आणि त्यांत कोथिंबीर टाकली. चिमाजी मात्र रुसला आणि त्याने आपला पाय पडीक ठेवला.

इकडे रत्नदीपने मन मारलं. एप्रिलातले जयंतीचे फलक त्याने नेहमीपेक्षा सुंदर रंगवले, कारण हाताने रंगवलेले हे शेवटचे असं तो धरून चालला होता. जानकाबाईने त्याला मंचरला घालायला दोन शर्ट शिवायला टाकले. मशिनचा विषय निघाला की तिच्या आवाजात असा गोडवा येई, की त्याला घरी बसवेना.

जयंती झाल्यावर मायलेक तळेघरला जानकाबाईच्या बहिणीकडे नाव ठेवायच्या कार्यक्रमाला गेले. परतताना एस्टीत खिडकीची जागा जानकाबाईने पटकावली. वळण आलं तसा रत्नदीपने तोंड दुसरीकडे फिरवलं. त्या बाजूला त्याला बघवत नव्हतं.

"आगं बया," जानकाबाई म्हणाली, "ह्यो खेकडा कुनी पेरला?"

रत्नदीपने तिच्या खांद्यावरून खाली बघितलं. करड्या गाळात हिरवागार खेकडा पसरला होता. पाठ गडद, नांग्या पोपटी, पाय लांब होत पाण्याकडे निघालेले. रेघेबाहेर कोणी दाणा टाकलेला नव्हता, त्यामुळे कडा अशी स्वच्छ होती की पाटीवरच्या अक्षराला लाजवील. एस्टीतली चार माणसं उठून त्या बाजूला आली. कंडक्टर "बसा, बसा" म्हणत स्वतःच वाकला.

"डोळं बी हायेत की," जानकाबाई म्हणाली. "पर येक पाय कमी हाय."

"तो चिमाजीनं पेरला नाही," रत्नदीप कसाबसा म्हणाला. "आई, तो खेकडा मी काढलाय."

जानकाबाईने पोराकडे बघितलं, मग खिडकीबाहेर, मग परत पोराकडे. आपण काय करून बसलो हे तिच्या लक्षात आलं. अख्ख्या तालुक्यातून एका माणसाने ओळखायचं होतं, आणि ती तीच निघाली होती. डिंभं आलं. उतरल्यावर पिशवी दुसऱ्या हातात घेत म्हणाली, "शेटला सांग, मशिनवर दुसरा बगा. पैज ती पैज." आणि दोन पावलं चालून थांबली. "तव्यावर काय काढलं व्हतंस रं त्या येळी?"

"तुला," तो म्हणाला.

जानकाबाईने पदर डोळ्याला लावला. आपण आपलंच तोंड घासून टाकलं, याचं तिला पुढे कितीतरी दिवस वाईट वाटत राहिलं.

पण तिच्या पोटात गोष्ट राहणारी नव्हती. माझ्या पोराने खेकडा काढला, हे ती उद्या पाणवठ्यावर सांगणार हे उघड होतं, आणि रत्नदीपची झोप उडाली. मान मिळणार होता खरा, पण त्याबरोबर मोजणीही जाणार होती. रेघा सरकारच्या नाहीत, एका पेंटरच्या आहेत, असं कळल्यावर वस्ती ऐन पिकात पुन्हा दांडे उचलणार. जन्मभर ज्या ओळखीसाठी तळमळलो ती दारात आली, आणि आता तिला आत घेता येत नाही, अशी त्याची गत झाली. सकाळी त्याने आईला हात जोडले, आजचा दिवस गप्प बस म्हणाला, आणि सोमाजीला गाठायला काठावर गेला. दुसऱ्याकडून कळण्याआधी आपणच सांगितलेलं बरं.

सोमाजी भुईमुगात खुरपत होता. रत्नदीपने यात्रा, राख, दोरी, खुंट्या, सगळं सांगितलं आणि मार खायच्या तयारीने उभा राहिला. सोमाजीने खुरपं पुसलं आणि बंडीच्या खिशातून काहीतरी काढून त्याच्या हातावर ठेवलं. अर्धवट जळालेलं बटण होतं.

"माज्या फाटक्या सदऱ्याचं हाय," सोमाजी म्हणाला. "कुशीनं सदरा चुलीत घातला व्हता. हापिसातनं आलो त्या दिशी तुज्या रेघंत घावलं. माज्याच चुलीची राख मला वळखू येत न्हाई व्हय?"

रत्नदीपने बटण मुठीत घेतलं. मग म्हणाला, "ऑफिसात काय म्हणाले?"

"कुनी आलं न्हाई, म्हनले."

"मग तुम्ही सगळ्यांना रेघेप्रमाणं पेरा का सांगितलं?"

सोमाजी रेघेच्या कडेला बसला आणि त्यालाही बसायला सांगितलं. त्या दिवशी येताना वाटेत आपण विचार केला, असं तो म्हणाला. सोमाजीने रेघ मारली तर चिमाजी मानत नाही, चिमाजीने मारली तर सोमाजी मानत नाही. महिनाभरात राख कोणी नेली हे एकेका बाईला ठाऊक होतं, आणि बाईला ठाऊक ते घराला ठाऊक. पहिला दिवस गेला मोजणी म्हणण्यात. पुढं सगळ्यांना कळलं, पण कोणी बोललं नाही.

"तुजी हितं हातभर जिमीन न्हाई, भाऊ," सोमाजी म्हणाला. "तुला कुनाचं जास्त करायचं न्हाई, कुनाचं कमी करायचं न्हाई. म्हनून तुजी रेघ समद्यांनी मानली. सरकारची बी मानली नसती."

एवढी वर्षं रत्नदीप ज्याची वाट बघत होता ते हेच का, याबद्दल त्याला शंका होती, पण छाती भरून आली होती एवढं खरं. तरी माणूस चित्रकार पडला. हातातलं बटण फिरवत त्याने शेवटी विचारलंच, की चित्र म्हणून कसं वाटलं.

सोमाजीने हिरव्या नांगीकडे मान वळवली आणि डोळे बारीक केले. "उजवी नांगी बारीक झालीया," तो म्हणाला. "नराची मोठी असती. म्या जल्मभर खेकडं धरल्यात, मला काय सांगतूस."

रत्नदीपने उठून नांगीचा मका पावलांनी मोजला. सोमाजीचं बरोबर होतं. मग त्याने चिमाजीला हाक मारली, आणि दोघांनी मिळून त्या पडीक पायातले दगड वेचायला घेतले. पाऊस यायला अवकाश होता, तेवढ्यात मूग होऊन जाईल असं चिमाजी म्हणाला. पुढच्या साली पायाबियाचं जनावर नको, मासा काढ, मासा वाटायला सोपा, हेही त्याने सांगून टाकलं. रत्नदीपने मासा फार साधा होतो म्हणून कासवाचा विषय काढला, आणि त्यावरून दोघांची जुंपली.

जानकाबाई दुपारी पाणवठ्यावर गेली आणि घडाघडा सगळं सांगून मोकळी झाली. बायांनी ऐकून घेतलं, आणि जणू आजच कळतंय असा आश्चर्याचा चेहराही केला. त्यावर्षी दिवाळीपासून कुशाबाईच्या पडवीत राखेचा एक डबा वेगळा भरू लागला. पोरांनी हात लावला की ती ओरडायची, "ठिवा त्यो. चित्रकाराचा हाय."